वाचकांचे प्रश्न : लढाईच्या दिवसांतली मुकी कॉमेडी

गेल्या अंकात मूकपटांवर दोन पानं दिली होती, त्यात एका ओळीत म्हटलं होतं की पहिल्या महायुद्धाच्या ऐन धामधुमीत सुद्धा लोकांनी लढाईवर आणि लढाई नको म्हणणाऱ्यांवर कॉमेडी काढल्या. त्या एका ओळीवर एवढी पत्रं आणि मेसेज आले की या वेळचा सगळा कॉलम त्यालाच देतोय. नावं नेहमीप्रमाणे छापत नाही, गाव तेवढं देतो.

परभणीहून, नाट्यशास्त्राचा विद्यार्थी : सर, आमचा ग्रुप युद्ध नको म्हणणारी एखादी जुनी कॉमेडी शोधत होता, एकानं १९१७ चा डग्लस फेअरबँक्सचा 'इन अगेन, आउट अगेन' आणून दिला, म्हणे शांततावाद्यांवरची कॉमेडी आहे. बघितला तर सगळं उलटंच. शांतता मागणारी पोरगी बावळट दाखवलीय आणि तिचा नवा मित्र तर बॉम्बवाला निघतो. आणि तरी आम्ही पोट धरून हसलो. हा सिनेमा नेमका कुणाच्या बाजूचा?

युद्धाच्या बाजूचा. तुम्ही बरोबर ओळखलं.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी गोष्ट सांगतो. फेअरबँक्स यात टेडी झालाय, श्रीमंत घरचा पोरगा, देशानं लढाईची तयारी ठेवावी या मताचा. त्याची होणारी बायको पॅसिफिका शांततावाली, ती या मतभेदावरून लग्न मोडते. टेडी दारू पितो, गोंधळ घालतो आणि जेलात जातो, तिथं जेलरच्या मुलीच्या प्रेमात पडतो. घरच्यांच्या वजनामुळं त्याला लवकर सोडतात, आणि मग पठ्ठ्या परत आत जायला मिळावं म्हणून एकामागून एक गुन्हे करत सुटतो पण कुणी पकडतच नाही. तिकडं दारूगोळ्याचे कारखाने उडायला लागलेत, त्याचा आळ याच्यावर येतो, जमाव याच्या जिवावर उठतो, आणि शेवटी कळतं की खरा स्फोट घडवणारा पॅसिफिकाचा नवा मित्र, शांततेची भाषणं देणारा पिंचिट.

आता तारखा बघा. युरोपात लढाई ऑगस्ट १९१४ ला पेटली, अमेरिका अडीच वर्षं बाहेर होती. तिथं दोन तट पडले होते. एकीकडं माजी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टसारखे तयारीवाले, दुसरीकडं शांतता मागणाऱ्या जेन ॲडम्ससारख्या बाया ज्या एप्रिल १९१५ ला समुद्र ओलांडून नेदरलँड्समधल्या हेगच्या महिला परिषदेला गेल्या आणि लढणाऱ्या देशांच्या मंत्र्यांना जाऊन भेटल्या. मोटारवाल्या हेन्री फोर्डनं तर डिसेंबर १९१५ ला शांततेसाठी एक अख्खं जहाज युरोपला पाठवलं, पेपरवाल्यांनी त्याची रेवडी उडवली ती वेगळी. नोव्हेंबर १९१६ ची निवडणूक राष्ट्राध्यक्ष विल्सन जिंकले ते 'यांनी आपल्याला लढाईपासून दूर ठेवलं' या प्रचारावर, आणि त्याच विल्सनच्या सरकारनं ६ एप्रिल १९१७ ला युद्ध पुकारलं. हा सिनेमा थेटरात आला त्याच एप्रिलच्या शेवटी. म्हणजे पाच-सहा महिन्यांपूर्वी शांततेला मत देऊन आलेला माणूस आता खुर्चीत बसून शांततावाल्यांवर हसतोय. त्या हसण्यात बरीचशी सुटका असणार असं मला वाटतं, आपण काल काय म्हणत होतो ते विसरायला हसण्यासारखं औषध नाही.

माझी या सिनेमाबद्दलची खरी तक्रार स्फोटांवरून आहे. ३० जुलै १९१६ ला न्यूयॉर्कच्या बंदरात ब्लॅक टॉम नावाच्या ठिकाणी दारूगोळ्याचा प्रचंड साठा उडाला होता, त्यामागं जर्मन हस्तक होते हे पुढं आंतरराष्ट्रीय आयोगापुढं शाबीत झालं. प्रेक्षकांच्या मनात ते ताजं होतं, म्हणून सिनेमात कारखाने उडाले की ते लगेच त्याला जोडणार. पण लक्षात घ्या, ब्लॅक टॉम उडवणारे कोण होते, तर लढणाऱ्या एका सरकारची माणसं. शांतता मागणाऱ्यांचा त्यात काडीचा संबंध नव्हता. सिनेमानं मात्र तो बॉम्ब अलगद उचलून शांततावाल्याच्या खिशात ठेवला, तेही हसत हसत, आणि हसणारा माणूस हिशोब मागत नाही. पॅसिफिका बिचारीला तर स्वतःचं म्हणणं नीट मांडायला एक धड सीन नाही.

तरी तुम्ही हसलात त्यात काही वाईट वाटून घेऊ नका. मधला सगळा भाग, बाहेर सोडलेला माणूस आत जायला धडपडतोय हा, तो लढाईशी संबंध नसलेला अस्सल फार्स आहे. अनिता लूसची पटकथा आहे, जॉन एमर्सनचं दिग्दर्शन, आणि फेअरबँक्स भिंती-छपरं अशी चढतो की डोळ्याचं पातं लवत नाही. त्याच्या स्वतःच्या कंपनीचा हा पहिलाच सिनेमा, त्यामुळं अंगात जोर पण तसाच. तुमच्या ग्रुपला एक सुचवतो. यातला लग्न मोडण्याचा प्रसंग घ्या आणि पॅसिफिकाला खरं बोलू द्या, हेगला जाऊन आलेल्या बाया जे बोलत होत्या ते तिच्या तोंडी घाला, आणि मग बघा हशा कुठं कुठं पडतो. परभणीत प्रयोग करणार असाल तर आम्हाला कळवा, नक्की येऊ.

लातूरहून, निवृत्त बँक कर्मचारी : मी काय म्हणूलालो, चॅप्लिनला तुम्ही लोक उगं शांततेचा पुतळा करूलालात. त्यानं युद्धाचे बाँड विकले, कैसरला, म्हणजे जर्मनीच्या बादशहाला, पकडायचा सिनेमा काढला. हे कुठल्या शांततेत बसतं?

काका, बाँडचं म्हणणं शंभर टक्के खरं. एप्रिल १९१८ ला चॅप्लिन, नटी मेरी पिकफर्ड आणि वरच्याच प्रश्नातला फेअरबँक्स गावोगाव फिरून लिबर्टी बाँड, म्हणजे लढाईच्या खर्चासाठीचे सरकारी कर्जरोखे, विकत होते. त्याच वर्षी स्वतःच्या खर्चानं त्यानं 'द बाँड' नावाची छोटी फिल्म केली, त्यात लिबर्टी बाँड लिहिलेला भलामोठा हातोडा घेऊन तो कैसरच्या डोक्यात घालतो. यात शांतताबिंतता काही नाही, सरळ प्रचार आहे. त्याच्यावर दडपण होतं हेही खरं, तो इंग्रज नागरिक, फौजेत का जात नाहीस म्हणून लोक त्याला टपालानं पांढरी पिसं पाठवायचे, म्हणजे तू भेकड आहेस असा निरोप. पण दडपण होतं म्हणून सगळं माफ असं मी म्हणणार नाही.

मात्र तुम्ही म्हणता तो कैसरला पकडायचा सिनेमा, 'शोल्डर आर्म्स', जरा बारकाईनं बघा अशी तुम्हाला विनंती आहे. २० ऑक्टोबर १९१८ ला आला, लढाई थांबली ११ नोव्हेंबरला. म्हणजे तो काढला तेव्हा खंदकात माणसं रोज मरत होती. लढाईवर विनोद करू नकोस, अंगाशी येईल असं मित्रांनी बजावलं होतं. सिनेमा पुरा झाल्यावर त्याचं स्वतःचंच मन इतकं खट्टू झालं होतं की टाकूनच द्यावा असं वाटत होतं, फेअरबँक्सनं बघितला आणि डोळ्यात पाणी येईस्तोवर हसला तेव्हा कुठं धीर आला, हे चॅप्लिननंच आत्मचरित्रात लिहिलंय.

त्यात काय आहे ते बघू. खंदकात टपाल येतं. सगळ्यांना पत्रं, याला नाही. मग हा पहाऱ्यावरच्या एका शिपायाच्या मागं जाऊन उभा राहतो आणि त्याच्या खांद्यावरून त्याचं पत्र वाचायला लागतो, आणि पत्रात काय असेल ते आपल्याला याच्या चेहऱ्यावरून कळतं, तो शिपाई हसला की हा हसतो, तो काळजीत पडला की याचं तोंड उतरतं. शेवटी त्या शिपायाच्या लक्षात येतं आणि तो चिडतो. एवढाच प्रसंग. पण परक्याच्या घरची खुशाली वाचून आपली भूक भागवणारा माणूस याच्याइतका नेमका मी दुसऱ्या कुठल्या युद्धपटात बघितला नाही. पुढं पाऊस पडून खंदकातली झोपायची खोली भरते, माणसं पाण्यातच झोपलीत, हा पाण्याखालची उशी शोधून ती हातानं फुगवल्यासारखी करतो आणि ग्रामोफोनचा कर्णा तोंडाला लावून त्यातून श्वास घेत पाण्याखाली झोपतो. लोक हसतात. आणि ज्यानं फ्रान्समधला चिखल भोगला तोही हसला, कारण तिथं हे खरंच असं होतं.

आता माझा सगळ्यात आवडता सीन. हा तेरा जर्मन शिपाई एकटा पकडून आणतो, कसे पकडले विचारलं तर म्हणतो मी त्यांना वेढा घातला. मग त्या कैद्यांना सिगरेटी वाटतो. शिपाई घेतात, खूश होतात. त्यांचा एक बुटका अधिकारी मात्र सिगरेट घेऊन तोंडावर फेकावी तशी टाकून देतो, तर चार्ली त्याला मांडीवर आडवा घेतो आणि लहान पोराला द्यावेत तसे ढुंगणावर फटके देतो. आणि काका, बाजूला उभे असलेले जर्मन शिपाई टाळ्या पिटतात! ऑक्टोबर १९१८ मध्ये, अमेरिकन थेटरात, शत्रूचे शिपाई आपल्या हिरोबरोबर हसतायत. त्या वर्षीच्या बाकीच्या सिनेमांत जर्मन माणूस म्हणजे बायापोरं मारणारा राक्षस एवढंच चाललं होतं. कैसर शेवटी पकडला जातो हे तुमचं बरोबर, पण ते सगळं स्वप्न असतं, हा ट्रेनिंगच्या तंबूत झोपलेला असतो आणि दोस्त हलवून उठवतात.

म्हणून मी त्याला १९१८ ला शांततावादी म्हणत नाही. पण फेअरबँक्सच्या सिनेमात हसू आहे ते लढाई नको म्हणणाऱ्यांवर, आणि चॅप्लिनच्या सिनेमात ते चिखलावर, भुकेवर, हुकूम देणाऱ्यांवर. माझ्या लेखी हा फरक फार मोठा आहे आणि बाँडच्या पावत्या दाखवून तो मिटत नाही.

धाराशिवहून : त्या लढाईत आपल्या भागातलं कुणी होतं का, की हे सगळं गोऱ्यांचंच?

होतं ना. तेव्हा मराठवाडा निजामाच्या राज्यात आणि निजामाची घोडदळाची पलटण, हैदराबाद लान्सर्स, १९१४ लाच इजिप्तला रवाना झाली होती. २३ सप्टेंबर १९१८ ला आताच्या इस्रायलमधलं हैफा शहर जोधपूर आणि म्हैसूरच्या घोडेस्वारांनी घेतलं, हैदराबादची पलटण त्यांच्याच ब्रिगेडमधली. दिल्लीत तीन मूर्ती चौक आहे ना, त्या तीन मूर्ती या तीन संस्थानांच्या घोडेस्वारांच्या. इंग्रजांच्या फौजेतल्या मराठा पलटणी तर इराकमध्ये कुतच्या वेढ्यात अडकल्या होत्या, उपासमारीनंतर २९ एप्रिल १९१६ ला तिथं शरणागती झाली. तुमच्या घरात, गावात कुणाकडं त्या काळचं पदक, पत्र, फोटो काही असेल तर सांभाळा, पत्र्याच्या पेटीत वाळवी लागू देऊ नका, आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांना आत्ताच विचारून घ्या.

नांदेडहून : हसण्यावारीच नेलं का सगळं? लढाई नको असं सरळ सांगणारे मूकपट निघालेच नाहीत?

निघाले. डेन्मार्क तटस्थ होता, तिथं १९१५ ला बर्था फॉन झुटनरच्या कादंबरीवर सिनेमा आला, या बाईंना १९०५ चं शांततेचं नोबेल मिळालं होतं. अमेरिकेत १९१६ ला थॉमस इन्सचा 'सिव्हिलायझेशन' आला, त्यात पाणबुडीचा कप्तान प्रवासी जहाज बुडवायला नकार देतो. त्याच वर्षी 'वॉर ब्राइड्स', ज्यात नाझिमोव्हा या नटीनं लढाईसाठी पोरं जन्माला घालणार नाही म्हणणारी बाई केली. अमेरिका युद्धात उतरली आणि हा सिनेमा थेटरांतून काढला गेला.

आणि एक गोष्ट ऐकून तर अंगावर काटा येतो. रॉबर्ट गोल्डस्टीन नावाच्या निर्मात्यानं १९१७ ला अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धावर सिनेमा काढला, त्यात इंग्रजांचे अत्याचार दाखवले. शाळेच्या पुस्तकातला इतिहास हो! पण आता इंग्रज दोस्त झालेले, म्हणून नव्या हेरगिरीविरोधी कायद्याखाली त्याला दहा वर्षांची शिक्षा ठोठावली, पुढं ती तीन वर्षांवर आणली. या हवेत सरळ बोलायची सोय नव्हती. चॅप्लिननं पत्र वाचण्याचा सीन केला तो याच काळात, हे विसरू नका.

बीड जिल्ह्यातून, एक आई : माझा मुलगा सातवीत आहे. मारामारीत पडत नाही, म्हणून पोरं त्याला भित्रा म्हणतात, घरातले पण म्हणतात दोन लावून ये. त्यानं मला विचारलं की मी खरंच भित्रा आहे का. तुम्ही सिनेमावाले, पण तुम्हाला विचारावंसं वाटलं.

ताई, बरं केलंत विचारलंत. आधी एक व्यवहाराचं, त्याला नुसतं चिडवत असतील तर एक गोष्ट, पण अंगावर हात टाकत असतील तर वर्गशिक्षकांना जाऊन भेटा, तो सगळा भार त्याच्या एकट्यावर टाकू नका.

आता त्याच्या प्रश्नाचं. जॅनेट रँकिन नावाची बाई अमेरिकेच्या संसदेत निवडून आलेली पहिली स्त्री. नवीनच आलेली, आणि ६ एप्रिल १९१७ ला युद्धाच्या ठरावावर मत द्यायची वेळ. तिनं नाही म्हटलं, तिच्यासकट पन्नास जणांनी नाही म्हटलं. पुढच्या निवडणुकीत हरली. वीस-बावीस वर्षांनी परत निवडून आली आणि डिसेंबर १९४१ ला पुन्हा तोच प्रसंग, या वेळी ३८८ विरुद्ध १, तो एक म्हणजे ती. तिचं मत बरोबर की चूक यावर लोक आजही भांडतात. भित्री मात्र तिला कुणी म्हणू शकत नाही. सातवीतल्या मुलाला हे समजतं, सांगून बघा.

आणि आपल्या पैठणचे नाथ महाराज आहेतच. गोदावरीत स्नान करून येताना एक जण अंगावर थुंकायचा, नाथ परत नदीवर जायचे, तो परत थुंकायचा, नाथ परत जायचे, शेवटी थुंकणाराच थकला. शांतिब्रह्म म्हणतात ते उगीच नाही. पण त्याच नाथांनी भारुडं लिहिली हे पण मुलाला सांगा. विंचू चावला म्हणून सोंग घेणारा माणूस अख्ख्या गावाला हसवतो आणि तो विंचू म्हणजे आपलाच काम-क्रोध. राग गिळून गप्प बसणं आणि रागाला हसणं, नाथांकडं दोन्ही आहे, आणि तुमच्या मुलाला दुसरं जास्त जमेल असं माझं मन सांगतं, ज्या पोराला असला प्रश्न पडतो त्याचं डोकं चालतं.

सिनेमाच दाखवायचा तर बस्टर कीटनचा १९२६ चा 'द जनरल' दाखवा. गोष्ट अमेरिकेतल्या उत्तर-दक्षिण यादवी युद्धाची, त्यातल्या जॉनीला (कीटनच तो) फौजेत घेत नाहीत कारण तो इंजिन ड्रायव्हर म्हणून जास्त कामाचा, पण हे त्याला कुणी सांगतच नाही, आणि त्याची मैत्रीण म्हणते वर्दी घालशील तेव्हाच बोल माझ्याशी. न केलेल्या भेकडपणाचा शिक्का घेऊन फिरणारा तो लांबट चेहरा तुमच्या मुलाला लगेच ओळखीचा वाटेल. शेवटी त्याला वर्दी मिळते, तिचा मुका घ्यायला जातो तर येणारा-जाणारा प्रत्येक शिपाई सलाम ठोकतो आणि यालाही ठोकावा लागतो, मग हा मुका घेता घेताच हात वर-खाली, वर-खाली करत राहतो. कीटन स्वतः १९१८ ला फौजेतून फ्रान्सला जाऊन आला होता. एक मात्र मुलाला सांगून ठेवा, यातला हिरो गुलामी राखणाऱ्या दक्षिणेकडच्या बाजूचा आहे आणि सिनेमा त्याबद्दल चकार शब्द काढत नाही.

अंबाजोगाईहून, शिक्षिका : आठवी-नववीच्या मुलांना 'शोल्डर आर्म्स' शाळेच्या हॉलमध्ये दाखवायचा आहे. परवानगी लागते का? मुलं मोबाईलवर वाढलेली, आवाज नसलेला सिनेमा बघत बसतील का?

बसतील मॅडम, सिनेमा पाऊण तासाच्या आसपासचा आहे आणि हातघाईचे विनोद भरपूर. आपल्या कायद्यात सिनेमाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं असतो, त्यामुळं १९१८ ची मूळ फिल्म दाखवायला हरकत नाही. पण चॅप्लिननं १९५९ ला आपल्या तीन जुन्या फिल्म एकत्र करून स्वतःचं संगीत घातलं, ते संगीत किंवा नव्यानं साफ केलेली प्रिंट यांचे हक्क वेगळे असू शकतात, म्हणून संगीत नसलेली जुनी कॉपी घेतलेली बरी.

ती घेतली की पहिले दोन मिनिटं स्वतः चालवून बघा. माणसं मुंग्यांसारखी तुरुतुरु पळत असतील तर स्पीड चुकलाय. ते सिनेमे हँडल फिरवून सेकंदाला सोळा ते वीस फ्रेमच्या आसपास काढलेले, आजच्या चोवीसवर लावले की तसं होतं. प्लेअरमध्ये स्पीड पाऊणपट करा, चेहरे नीट दिसायला लागतील, आणि पत्राचा सीन तर चेहऱ्यावरच आहे.

आवाजाचं म्हणाल तर मूकपट कधीच मुक्यानं दाखवत नसत, आपल्याकडं सुद्धा पडद्यासमोर पेटी-तबलावाला बसायचा. तुमच्या शाळेत भजनाच्या कार्यक्रमाला पेटी वाजवणारं कुणी असेलच, त्यांना एकदा सिनेमा दाखवा आणि मोकळं सोडा. इंग्रजी पाट्या येतात त्या एका मुलीनं माईकवर मराठीत वाचायच्या, आधी लिहून घ्या म्हणजे अडखळणार नाही. आणि मध्ये थांबवून समजावून सांगू नका. सिगरेट वाटण्याचा सीन आहे म्हणून मुख्याध्यापकांना आधीच कल्पना देऊन ठेवा. फटक्यांच्या सीनला मुलं हसतीलच, तेव्हा पुढच्या रांगेतल्या दोघा-तिघांना नंतर फक्त एवढं विचारा, तिथं अजून कोण कोण हसत होतं?